पट्टीखालचा स्ट्रायकर

वलगावच्या मनोबल संवर्धन केंद्रात महादेवराव कॅरम खेळत होते. राणी कोपऱ्यातल्या भोकाच्या अगदी तोंडाशी येऊन थांबली होती. महादेवरावांनी श्वास धरला, माऊस मागे ओढला, आता सोडायचा, तेवढ्यात संगणकाच्या पडद्याच्या तळातून एक निळी पट्टी वर आली आणि त्यांचा स्ट्रायकर तिच्याखाली गेला. पट्टीवर लिहिलं होतं, 'आपले मनोबल कसे आहे?' त्याखाली दोन चौकोन होते. एकात 'उत्तम', दुसऱ्यात 'अतिउत्तम'.

महादेवरावांनी चष्मा वर केला, चौकोन शोधला आणि 'उत्तम' दाबलं. पट्टी खाली गेली. पण या खेळात वेळेत मारलं नाही तर पाळी जाते. ती गेली. समोरच्या शकुननं राणी घेतली.

त्या वर्षांत वऱ्हाडात पिकांपेक्षा पथकं जास्त येत होती. एक दिल्लीहून आलं, एक मुंबईहून, आणि एक कुठून आलं ते शेवटपर्यंत कळलं नाही, पण जेवून गेलं. पाऊस, बियाणं आणि कापसाचा भाव हे विषय आपल्या कक्षेत येत नाहीत असं सगळ्यांनीच सांगितलं. कक्षेत काय येतं, याचा शोध घेता घेता एका पथकाला असं आढळलं की या भागात खरी टंचाई मनोबलाची आहे. मग मोठ्या गावांमधून मनोबल संवर्धन केंद्रं उघडली. वलगावात ग्रामपंचायतीची खत ठेवायची खोली रिकामी करण्यात आली. तिथे एक संगणक, लोडशेडिंगसाठी एक बॅटरीचा डबा आणि भिंतीवर एक हसरा फोटो आला. संगणकात खेळ होते. खेळलं की मन रमतं, रमलं की मनोबल वाढतं, आणि वाढलं की नाही हे पट्टी विचारते, अशी ती योजना होती. खताचा वास मात्र तसाच राहिला.

केंद्र चालवायला गजाला होती. सायकलवाल्या कुर्बानभाईंची ही मुलगी अमरावतीला संगणकाचा कोर्स करून आली होती. तिचं पद 'मनोबल सहायक, कंत्राटी' असं होतं.

महादेवराव पहिल्यांदा आले तेव्हा खेळ सुरू करायच्या आधी संगणकानं खेळणाऱ्याचं नाव विचारलं. ते गजालानं टाकलं. मग त्यानं समोरच्याचं विचारलं.

"समोरच्याचं काय नाव टाकू, काकाजी?"

"समोर कोण रायते?"

"मशीनच रायते. पण नाव आपल्या मर्जीचं."

महादेवरावांनी खुर्ची पुढे ओढली. मग म्हणाले, "शकुन टाक."

त्यांच्या बायकोला, शकुनकाकूंना, जाऊन तेव्हा वर्षही झालं नव्हतं. गजालानं नाव टाकलं.

घरी कॅरम होता. महादेवराव आणि शकुन रोज दुपारी खेळत. ती गेल्यावर सुनेनं, सीमानं, त्यावर कुरडया वाळत घातल्या. तिचंही बरोबर होतं, रिकामा बोर्ड किती दिवस जपायचा? शेजारचे नत्थुजी दोनदा खेळायला आले, पण ते हरले की उठून जात. शकुन हरली की उठत नसे. खरं तर ती हरतच नसे. महादेवराव नेम धरून बसले की ती हमखास विचारायची, "गॅस बंद केला काय जी?" नेम गेलाच.

"संगणकातली शकुन लबाडी करत नाई," गॅसची गोष्ट सांगून महादेवराव गजालाला म्हणाले होते. "तेवढीच एक खोट हाये तिच्यात."

म्हणून पहिल्या दिवशी पट्टी ऐन नेमाच्या वेळी वर आली तेव्हा त्यांना हसू आलं. मग त्यांनी प्रश्न वाचला. हा प्रश्न शकुननं सगळ्या संसारात कधी विचारला नव्हता. तिला दिसत होतं.

पट्टी दर दहा मिनिटांनी यायची आणि का कोण जाणे, महादेवरावांच्या पाळीलाच यायची. त्यांची बाजू पडद्याच्या तळाला होती, पट्टीही तळाला होती. शकुन वरच्या अंगाला निवांत बसलेली असायची. महिनाभरात महादेवरावांनी एकही डाव जिंकला नाही.

"हे बंद कर ना, पोरी."

गजालानं पट्टीवर माऊस नेऊन उजवं बटण दाबलं. पडद्यावर आलं, 'पट्टी लपविण्याचा अधिकार आपणास नाही. जिल्हा समन्वयकांशी संपर्क साधावा.'

"माह्या हातात फक्त माऊस हाये, काकाजी," गजाला म्हणाली. "अधिकार अमरावतीत हाये."

महादेवराव अमरावतीला गेले. जिल्हा समन्वयकांच्या टेबलावरही एक संगणक होता आणि त्यावर पत्त्यांचा डाव अर्धा पडला होता. त्यांनी तो लपवला नाही. तेही मनोबलाचंच काम होतं.

"साहेब, ते पट्टी खेळात घुसते."

"पट्टी खेळात घुसत नाही," समन्वयक शांतपणे म्हणाले. "मंजुरी पट्टीला आहे. खेळ हा पट्टीचा पूरक भाग. म्हणजे तसं पाहिलं तर आपला खेळच पट्टीत घुसतो. तरी आम्ही चालवून घेतो."

महादेवरावांना वाटलं, आपणच काहीतरी चुकीचं बोललो. "मग प्रश्न तरी कमी विचारा म्हणाव. आन् खचलेलं असन तं कुठी दाबाचं? तसा चौकोन नाई."

"खचलेलं मनोबल आपल्या केंद्राच्या कक्षेत येत नाही. केंद्र संवर्धनाचं आहे. आधी असलं पाहिजे, मग ते वाढवता येतं. नसलं तर वाढवणार काय?"

पण माणूस वाईट नव्हता. म्हातारा एवढ्या उन्हात आलाय म्हणून त्यांनी तज्ज्ञ पाठवायचं कबूल केलं, आणि आश्चर्य म्हणजे तज्ज्ञ खरंच आला. त्यानं पट्टीला हात लावला नाही. तिच्यावरही भिंतीवरचाच हसरा फोटो होता, आणि फोटो हलवायला मुंबईची परवानगी लागते. त्यानं कॅरम बोर्डच पट्टीच्या उंचीएवढा वर सरकवला. महादेवरावांचा स्ट्रायकर मोकळा झाला. वरच्या अंगाचा बोर्ड मात्र पडद्याच्या बाहेर गेला. त्याबरोबर शकुनची जागा गेली, आणि तिथे लिहिलेलं तिचं नावही गेलं.

"लाभार्थ्याची बाजू खुली केली आहे," तज्ज्ञ म्हणाला.

"आन् समोरचीचं?"

"समोरची लाभार्थी नाही."

महादेवरावांनी एक डाव खेळून पाहिला. वरून, जिथे कोणी नव्हतं तिथून, स्ट्रायकर यायचा, सोंगट्या फुटायच्या आणि भोकात जायच्या. कोण मारतंय ते दिसत नव्हतं. पट्टी आली तेव्हा तिनं काही झाकलं नाही. महादेवराव महिन्यात पहिल्यांदा जिंकले आणि माऊस ठेवून उठले.

"काय झालं, काकाजी? जिंकले ना तुमी!"

"दिसत नाई अशी शकुन तं घरीबी हाये, पोरी. इथं दिसे म्हणून येत होतो."

गजालानं मग त्यांना एक पत्ता दिला. ज्या कंपनीनं पट्टी बनवली होती तिचं दुरुस्तीचं दुकान अकोल्याला जठारपेठेत होतं. तिथला चंद्रभान हा तिच्या कोर्समधल्या मास्तरांचा जुना विद्यार्थी. दुसऱ्या दिवशी महादेवरावांनी बडनेऱ्याहून एसटी धरली, मूर्तिजापूरच्या स्टँडवर चहा घेतला आणि दुपारी जठारपेठेत पोचले.

चंद्रभान उघड्या संगणकात तोंड घालून बसला होता. त्यानं सगळं ऐकून घेतलं.

"पट्टी काढता येत नाई, काकाजी. मीच बसवली. काढता येऊ नाई, याचीच आमाले ऑर्डर होती."

"मग मी कशाले आलो एवढा?"

"बसा तं. मले सांगा, तुमी कोणतं दाबता?"

"उत्तम."

"अतिउत्तम कावून नाई दाबत?"

महादेवराव ओशाळले. "लाज वाटते ना बाप्पा. बायको जाऊन वरीस नाई झालं आन् अतिउत्तम कसं म्हनाव? उत्तम बी मी डोये मिटून दाबतो."

"तितंच फसले तुमी!" चंद्रभाननं स्क्रूड्रायव्हर खाली ठेवला. "उत्तम म्हटलं का मशीनले वाटते, अजून वाढवाले जागा हाये. मंग ते दहा मिन्टानं पुन्हा विचारते. अतिउत्तम म्हटलं का त्याचं काम संपलं. अर्धा घंटा गप रायते."

"खरं म्हन्तं?"

"अर्ध्या घंट्यात डाव होत नाई काय?"

अर्ध्या तासात डाव आरामात होत होता. चंद्रभाननं तिथूनच गजालाला फोन लावला आणि कोणती बटणं दाबली की बोर्ड पूर्वीच्या जागी येतो ते सांगितलं. परतीच्या एसटीत महादेवरावांना खिडकीजवळची जागा मिळाली. फार दिवसांनी त्यांनी बाहेर पाहिलं.

दुसऱ्या दिवशी शकुन आपल्या जागी होती. महादेवरावांनी 'अतिउत्तम' दाबलं, मनातल्या मनात तिची माफी मागितली आणि शांतपणे डाव खेळले. ते हरले, पण पट्टीमुळे नाही.

असली युक्ती गावात लपून राहत नाही. नत्थुजींचं भावाशी बांधावरून वाजलं होतं आणि दोन दिवस ते धड जेवले नव्हते. ते पत्ते खेळायला बसले आणि त्यांनी 'अतिउत्तम' दाबलं. क्रिकेट खेळणारी पोरं तर पट्टी पुरती वर यायच्या आत दाबू लागली. पार्बताबाई एका दाखल्याचं विचारायला आल्या होत्या. त्यांच्यासमोर पट्टी वर आली, तर त्याही जाता जाता दाबून गेल्या. त्या हंगामात कपाशीवर लाल्या रोग आला आणि गावाचं मनोबल चढतच राहिलं. नेम धरून बसलेल्या माणसाला कोणी काही विचारत नव्हतं. एवढी शांतता त्या खोलीत खत होतं तेव्हाही नव्हती.

मग एका दुपारी जीप आली. समन्वयक उतरले. त्यांच्या हातात हार होता आणि मागे दोन माणसं रिकामी खोकी घेऊन उभी होती.

"वलगावचं अभिनंदन!" समन्वयक म्हणाले. "जिल्ह्यात पहिलंच गाव. मनोबल शंभर टक्के अतिउत्तम. हा हार कोणाला घालायचा?"

हार कोणाला घालायचा ते कोणालाच कळेना, तेव्हा त्यांनी तो संगणकाला घातला.

"आन् हे खोके कशाचे?" गजालानं विचारलं.

"ज्या गावाचं मनोबल पूर्ण झालं तिथे संवर्धनाला वाव उरत नाही. केंद्र आता तिवशाला जाईल. तिथलं अजून नुसतंच उत्तम आहे."

महादेवराव खेळत होते. ते वळले. "साहेब, आमी ते पट्टी जावी म्हणून दाबलं. मनोबलाचं कोनाले काय ठाऊक?"

"असेल. पण का दाबलं ते नोंदवायला यंत्रात जागा नाही. काय दाबलं ते आहे."

"मीच सांगतलं सगळ्याइले. मीच अकोल्याहून घेऊन आलो," महादेवराव म्हणाले.

"मग हार तुमचाच," समन्वयक म्हणाले आणि संगणकाच्या गळ्यातला काढून त्यांच्या गळ्यात घालू लागले. तेवढ्यात पट्टी वर आली. या वेळी प्रश्न नवा होता. 'केंद्र अन्यत्र हलविण्याबाबत आपले मत काय?' खाली दोन चौकोन होते. 'योग्य' आणि 'अतियोग्य'.

खोलीतले सगळे पट्टी वाचायला पुढे सरकले. पट्टीखाली महादेवरावांचा स्ट्रायकर होता. बोर्डावर राणी होती, त्यांची एक सोंगटी होती आणि शकुनच्या दोन. इतक्या जवळ ते कधीच आले नव्हते.

"नाई दाबलं तं?" त्यांनी गजालाला विचारलं.

"पट्टी हटत नाई, काकाजी. पाळी जाते."

"अबे, दाबू नको, महादेवा!" मागून नत्थुजी ओरडले. "आपलं केंद्र जाते!"

"थे तसंबी जाते," महादेवराव म्हणाले. "खोके आले ना."

त्यांनी 'अतियोग्य' दाबलं. नियम सगळीकडे तोच होता. अर्धा तास.

तोवर संगणक समन्वयकांनाही बंद करू देईना. त्यांनी चहा मागवला. महादेवरावांनी गळ्यातला हार नीट मागे सारला आणि नेम धरला. खोलीत आवाज नव्हता. त्यांचं बोट माऊसवर तसंच थांबून राहिलं, जसं कोणी काही विचारायची वाट पाहावी.

गजाला मागे उभी होती. ती हळूच म्हणाली, "गॅस बंद केला काय जी?"

बोट सुटलं. स्ट्रायकर राणीला न शिवता सरळ भोकात गेला. पुढच्या पाळीला शकुननं राणी घेतली, तिच्यामागून आपली सोंगटी घेतली आणि मग उरलेलीही घेतली. महादेवराव मोठ्यानं हसले. हसता हसता त्यांनी चष्मा काढून पुसला.

"हाव. आता बराबर झालं."

अर्धा तास होताच समन्वयकांच्या माणसानं वायर ओढली. संगणक खोक्यात गेला, खोकं जीपमध्ये आणि जीप तिवशाला. अहवालात लिहिलं गेलं की केंद्र हलवण्यास खुद्द लाभार्थ्यानं अतियोग्य ठरवून संमती दिली. ते खोटं नव्हतं. सीमानं त्या रात्री कुरडया डब्यात भरल्या आणि कॅरम झटकून सासऱ्याच्या खोलीत ठेवला. गजाला आता कधीमधी दुपारी येते. खेळ तिला बरा येतो, लबाडी फार छान येते.

वलगावची माणसं भोळी होती, असं तुम्हाला वाटलं असेल. तुमच्या पडद्यावर काल जे मधेच वर आलं आणि तुम्ही 'मान्य आहे' दाबून घालवलं, ते काय होतं?