गणवेश देखभाल तज्ज्ञ, जागा एक

“काखेत टोचतंय हो बाई,” पथकप्रमुख कुरकुरले. माझ्या तोंडात टाचण्या होत्या, म्हणून मी नुसती मान हलवली.

राष्ट्राची प्रतिष्ठा काखेतच टोचते, असं अठरा वर्षांच्या शिवणकामानंतर माझं ठाम मत झालं आहे. आसपासच्या सात देशांच्या क्रीडास्पर्धा दर चार वर्षांनी भरतात आणि संचलनासाठी आमच्या पथकाचे कोट मी शिवते. खेळाडूंची मापं बदलत नाहीत. पदाधिकाऱ्यांची मात्र, निवड समितीच्या प्रत्येक बैठकीनंतर बदलतात (बैठकीत खाण्याची सोय असते). म्हणून त्यांच्या शिवणीत मी दोन इंच माया सोडते. प्रमुखांना चार.

यंदा विमानात जागा एकशे दहा आणि निवडलेले खेळाडू एकशे चार. हा सुरुवातीलाच जरा अतिरेक झाला. मग समितीने शांत डोक्याने आकडे मांडले: गेल्या चार स्पर्धांत खेळाडू तीनशे एकवीस वेळा हरले, पदाधिकारी एकदाही नाही. तेव्हा पराभव कमी करायचे, तर जे हरूच शकत नाहीत त्यांना जास्तीत जास्त संख्येने पाठवावं. सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. (तेव्हा तोंडात टाचण्या नव्हत्या.)

त्यानुसार वाढले ते असे: तीन उपप्रमुख, त्यांच्यात समेट घडवणारे एक ज्येष्ठ, प्रमुखांचे गुडघे चोळणारे, गुडघेवाल्यांचे मेहुणे (निरीक्षक), असे बरेच. आणि एकशे दहाव्या जागेवर मी. हुद्दा, गणवेश देखभाल तज्ज्ञ. मागच्या खेपेला ऐन सलामीत प्रमुखांचं बटण तुटून शेजारच्या देशाच्या पाहुण्यांत जाऊन पडलं होतं. ते अजून परत मिळालेलं नाही, पत्रव्यवहार चालू आहे.

मी जन्मात विमानात बसलेली नाही. ओळखपत्र मिळालं तेव्हा घरी सगळ्यांना दाखवलं, धाकट्या जावेला दोनदा.

एकशे दहाव्या जागेवर आधी आठशे मीटर पळणाऱ्या मुलीचं नाव होतं. ती माझ्या थोरल्या बहिणीची मुलगी, हा निव्वळ योगायोग. बहीण गेल्यापासून ती माझ्याच घरी वाढली, हेही मी समितीला सांगितलं नाही. वशिला लावणं माझ्या तत्त्वात बसत नाही.

सहा महिने ती सराव शिबिरातच होती, त्यामुळे तिला कुणी काही कळवलं नव्हतं. काल ती कोट घालून बघायला आली.

“वा! काय बसलाय!” प्रमुख म्हणाले.

“वय लहान आहे अजून,” एक उपप्रमुख खिडकीकडे बघत म्हणाले.

“चार वर्षं काय, अशी निघून जातात,” गुडघेवाले म्हणाले.

ती भिंतीवरच्या यादीपाशी गेली. बोट ठेवत शेवटपर्यंत उतरली. मग वळून माझ्या गळ्यातल्या ओळखपत्राकडे बघू लागली.

माझ्या जागी तुम्ही असतात, तर ते तिथल्या तिथे काढून तिच्या गळ्यात घातलं असतंत. तुमच्याकडे बघूनच कळतं ते. मी तिच्या मनगटाशी वाकले आणि विचारलं, “बाही जरा लांब वाटतेय का गं?”

तिने कोट काढला, नीट घडी घातली आणि माझ्या मशीनवर ठेवला.

“बाही बरोबर आहे, मावशी. माझी जागा तू घेतलीस.”