आबांच्या दारावरची खूण

आमच्या समोरच्या फ्लॅटला बेल नाही. वडगावात माझं इलेक्ट्रिकचं दुकान आहे. आरती म्हणणारी, चिमणीसारखी चिवचिवणारी, कुत्र्यासारखी भुंकणारी, सगळ्या बेल मी विकते. पण शेलारआबांच्या दारावर दोन थापा मारायच्या, श्वासभर थांबायचं, मग आणखी एक. खूण चुकली की दार उघडत नाही. म्हाताऱ्या माणसांची विचारपूस करायला आलेला पोलीस धडाधड दार वाजवून निघून गेला. मी आबांना जाब विचारला तर म्हणाले, "पोलिसाला खूण ठावी असती, तर लय घोटाळा झाला असता."

दूधवाला, गॅसवाला, कुरिअरवाला, सगळ्यांना आबांनी जिन्यात उभं करून खूण शिकवली आहे. दार उघडलं की आबा आधी आलेल्या माणसाच्या मागे जिन्याकडे बघतात आणि विचारतात, "मागं कोन न्हाई ना?"

"कोण असणार आबा?"

"पाळत असती."

दारही साधं नाही. आंदर मावळातलं घर विकलं तेव्हा आबांनी भांडीकुंडी भावकीला वाटली आणि दार तेवढं टेम्पोत घालून आणलं. आमच्या पांढऱ्या चकचकीत फरशीवर ते काळं, जाड दार म्हशीसारखं उभं असतं.

आबांचे वडील गावात मास्तर होते. बेचाळीसच्या चळवळीत भूमिगत झाले आणि घाटात रेल्वेच्या तारा तोडत हिंडले. आबा पुढे त्याच रेल्वेत तारा जोडायच्या कामाला लागले. "बापानं तोडल्या, मी जलमभर जोडल्या. फिटंफाट झाली."

त्या काळातून आबा पुरते बाहेर आलेच नाहीत. कबूल करून न आलेला प्लंबर 'भूमिगत' असतो. सोसायटीची मीटिंग म्हणजे 'गोलमेज', "ठरत काय न्हाई, च्या तेवढा मिळतो." मी जहाल, माझा नवरा मवाळ. पुण्याहून राहायला आलेल्या सुनेने चहातली साखर बंद केली तेव्हा आबांनी असहकार पुकारून चहाच सोडला. दुसऱ्या दिवशी अर्ध्या चमच्यावर तह झाला.

आता आबा नव्वदीला टेकलेत. बायको गेली, मुलगा महेश पुण्यात. दोन वर्षांत कान पार गेले. मशीन घेतलं, ते डब्यात असतं. मागच्या महिन्यात महेशने दिवसभर फोन केले, आबांनी एकही उचलला नाही. तो घाबरून धावत आला, तर आबा मजेत शेंगा सोलत बसलेले.

महेशने निक्षून सांगितलं, "आबा, फोन ऐकू येत नाही. उद्या दारही ऐकू येणार नाही. आता तुम्ही पुण्याला चला."

"मी दार सोडून यायचा न्हाई."

"दाराचं काय घेऊन बसलात?"

मी मधला मार्ग काढला. वाजली की घरात लाल दिवा लागतो अशी बेल माझ्याकडे आहे. ती घेऊन गेले आणि कानाशी ओरडून समजावलं. आबांनी बेल उलटसुलट करून बघितली आणि परत दिली.

"ही कोनबी वाजवंल."

"बेल त्यासाठीच असते, आबा."

"म्हनून तर नको."

शेवटी महेशनेच अट घातली. येत्या रविवारी, न सांगता कुठल्याही वेळी येऊन खूण वाजवीन. दार उघडलं तर राहा, नाही तर बॅग भरा. आबा म्हणाले, "मान्य. पर वाजवायची हळू. भूमिगत मानूस धडाधडा वाजवत न्हाई."

रविवारी भर दुपारी महेश आला. मी माझ्या दारात उभी होते. त्याने इतक्या हळू थापा मारल्या की मलाच जेमतेम ऐकू आल्या. तिसरी पडते न पडते तोच कडी निघाली.

"मागं कोन न्हाई ना?"

महेश माझ्याकडे बघून हसला, पण त्याचे डोळे भरले होते. जेवून संध्याकाळी एकटाच परत गेला.

मला मात्र पटेना. बहिरा माणूस ऐकतो कसा? दुसऱ्या दिवशी भाजी द्यायला गेले, ती तशीच आत शिरले. दाराला चिकटून खुर्ची होती. आबा पेपर घेऊन तिच्यात बसले आणि डावा तळवा सहज दारावर टेकवला. लाकडावर तेवढी जागा गुळगुळीत झालेली.

"हे कधीपासून?"

माझं बोलणं त्यांनी ओठांवरून ओळखलं. "ल्हानपनापास्नं. दादा, म्हंजी माजं वडील, रातचं यायचं ते लय हळू वाजवायचं, शेजाऱ्याला कळू नये म्हनून. आय चुलीम्होरं असायची. मला हितं बसवायची, हात ठिवून. कानाला न्हाई यायची थाप, हाताला यायची."

"मग दादा?"

"एकदा गेलं ते गेलं. कुनी म्हनलं तापानं गेलं, कुनी म्हनलं गोळी लागली. सोराज आलं, सगळी आपापल्या घरी आली." आबांनी पेपरची घडी घातली. "आय मरंस्तवर मला हितं बसवायची."

"आणि खूण? ती तर गुप्त ठेवायची ना? तुम्ही गावाला शिकवलीत."

"मंग कोन वाजवनार?" आबा म्हणाले. "आता दूधवाला येतो, तू येतेस. दिसातनं दोन-चारदा तरी थाप पडती."

मी बेल दुकानात परत ठेवली, दिवाळीआधी खपेल.

पूर्वी मी ती खूण घाईघाईत उरकायचे. काल भाजीचा डबा आणायला गेले, तेव्हा बोटांच्या टोकांनी वाजवली. दोन. थांबले. मग एक.

दार उघडलं. आबांनी माझ्या खांद्यावरून जिन्याकडे बघितलं, नेहमीपेक्षा थोडं जास्त वेळ.

"मागं कोन न्हाई ना?"

"नाही आबा," मी म्हटलं. "मी एकटीच आहे."