आंबेखिंडीच्या राजमार्गाची आणि शंभर माठांची हकीकत

जो देव सर्वांची विघ्ने हरितो, त्यास या एका रस्त्यापायी फार मेहनत पडली, सबब त्यास आधी दंडवत घालून मग लेखणी धरिली आहे. शके सत्राशे एकोणतीस, संवत्सराचे नाव प्रभव. परंतु लोक त्यास सोळावी मुदतवाढ म्हणत. ते समयी एक थोर राज्य होते, नाव पुसू नये. त्या राज्यात मौजे आंबेखिंडीपासून राजधानीपर्यंत सात कोसांचा राजमार्ग बांधावा, ऐसी आज्ञा होऊन अकरा वर्षे लोटली होती, आणि मार्गांचे मुतालिक राजश्री चिमणाजीपंत दर पौर्णिमेस न्यायसभेत अहवाल पाठवीत की काम जारीने चालू आहे, आणि न्यायाधीश राजश्री सोनोपंत तो वाचवून घेत, कपाळास आठ्या घालीत, आणि पुढली पौर्णिमा नेमीत. अहवालाचा मजकूर इतका पाठ जाहला होता की वाचणारा कारकून डोळे मिटून वाची.

मग पौष मासी आंबेखिंडीची गिरजाई कुंभारीण सभेत उभी राहिली. तिचा धनी भिवा माठ उत्तम घडवी आणि गिरजाई ते राजधानीच्या बाजारी विकी. परंतु रस्ता ऐसा की निम्मे माठ वाटेतच खापऱ्या होत. ती बोलली, "म्हाराज, माठाचा धंदा उन्हाळ्याचा. औंदा चैताच्या बाजाराला माल धड पोचला न्हाई, तर धनी चाक इकनार. गिऱ्हाईक येऊन बघून बी गेलंया. मग आमी कुटं जावं ते सांगा." न्यायाधीशांनी पुसिले, "मुतालिक म्हणतात रस्ता होत आला. आम्ही कोणाचे खरे मानावे?" ती बोलली, "माजं नगा मानू आन् त्येंचं बी नगा. शंबर माठ गाडीत घाला आन् इथं मोजून घ्या." हे ऐकोन सोनोपंत बहुत संतोषले आणि हुकूम केला की इतःपर दर पौर्णिमेस शंभर माठ आंबेखिंडीहून निघोन सभेपुढे यावेत, जितके धड येतील तितका रस्ता जाहला.

माघी पौर्णिमेस सभा भरली, आणि गाडी येण्याआधीच चिमणाजीपंतांचा अहवाल येऊन पोचला, कारण तो पायवाटेने आला. कारकुनाने वाचिले, "माठ निघाले शंभर, सुखरूप पोचले एकशे बारा." सभा चकित जाहली. न्यायाधीश म्हणाले, "पंत, गाडी तर अजून वेशीत नाही. आणि वरचे बारा कोठले?" पंत हात जोडून म्हणाले, "सरकार, लक्ष्याहून अधिक काम जाहले आहे." खरा प्रकार ऐसा की पहिल्या चौकीच्या कारकुनाने साठ मोजिले आणि भिऊन ऐंशी लिहिले, त्याच्या वरच्याने पंचाण्णव केले, त्याच्या वरच्याने शंभर, आणि पंतांच्या फडणिसास वाटले की नुसते शंभर लिहिले तर आपण आळशी दिसू. इतक्यात गाडी आली. मोजिता एकतीस माठ धड निघाले. सोनोपंत रागावले नाहीत. हसले, आणि हेच पंतांस जड गेले, कारण हुकूम जाहला की पुढील फेरीपासून मुतालिकांनी स्वतः माठांमध्ये बसोन यावे, खाली गादी नसावी.

फाल्गुनी पौर्णिमेस पंत गाडीत बसले. आजवर ते पालखीतून डोंगरावरच्या वाटेने जात, त्यामुळे आपला रस्ता त्यांनी कधी पाहिलाच नव्हता. पहिल्या खड्ड्यात पगडी गेली, दुसऱ्यात कंबर. गिरजाई शेजारी बसोन म्हणे, "पंत, त्यो माठ मांडीवर घ्या. तुमच्यापरीस त्यो नाजूक हाय." वाटेत दुतर्फा खडीचे ढीग लागले. त्यांवर गवत माजले होते आणि शेळ्या निवांत बसल्या होत्या. पंतांनी पुसिले, "ही खडी कोणाची?" गाडीवान म्हणाला, "तुमचीच की सरकार. धा वर्सं जाली पडून." तेव्हा पंत कण्हत कण्हत गाडीतच उभे राहिले आणि तिथूनच ठेकेदारास हाका मारू लागले. ऐसे हाका मारीत सात कोस आले. माठ अडतीस धड राहिले, पंतांस मात्र चार दिवस पाठ टेकवेना.

मग जे जाहले ते लिहिताना लेखणीस हुरूप येतो. ज्या कामास माणसे मिळत नव्हती त्यास तीनशे माणसे मिळाली, शेळ्या उठविल्या, खडी पसरली, ओढ्यांवर मोऱ्या बांधिल्या, आणि पंत रोज उन्हात उभे राहोन ठेकेदारास म्हणत, "अहो, पौर्णिमेस मला याच्यावरून जायचे आहे."

चैत्री पौर्णिमेस गाडी उन्हे चढण्याआधीच वेशीत शिरली. माठ मोजिले, सत्त्याण्णव भरले. फडणीस पंतांच्या कानी लागला, "तीन कमी दिसतात. शंभर लिहून टाकू काय?" पंतांनी त्याच्या हातची लेखणी घेतली आणि म्हणाले, "सत्त्याण्णव लिहा. तीन फुटले ते माझ्या डोळ्यांदेखत फुटले." गिरजाईने पदराने डोळे पुसले आणि गाडीवानास म्हणाली, "बाजार उरकला की तसाच माघारी जा आन् धन्याला सांग, गिऱ्हाइकाला लावून दे म्हनावं. चाक इकायचं न्हाई." दोन प्रहरी बाजारात एक माठ उरला नव्हता.

सोनोपंतांनी पंतांस गाडीतून मोकळे केले. तरी वैशाखी पौर्णिमेस पंत आपण होऊन गाडीत बसोन आले, आणि कोणी पुसिले तर म्हणत, चौथ्या कोसावर एक चाकोरी खचू लागली आहे, ती पालखीतून कळत नाही.

येणेप्रमाणे जो रस्ता अकरा वर्षांत जाहला नाही तो तीन फेऱ्यांत जाहला. लिहिणार निनावी, चैत्रात सभेत हजर होता, आणि त्या सत्त्याण्णवांतील एक माठ त्याचे घरी आहे. पाणी फार गार राहते.