गरिबीचा कल

राजधानी नागपूरहून भोपाळला गेली, त्या साली रामाकोन्यातला सर्वांत गरीब माणूस शोधायला सरकारनं एक निरीक्षक पाठवला. सापडला की त्याला ज्वारीचं पोतं द्यायचं होतं. पोतं आधीच चावडीत येऊन पडलं होतं. गरीब तेवढा ठरायचा होता.

जयवंताला वाटलं, यात शोधायचं काय? नवरा गेलेला, पदरात दोन लेकरं, कापूसवेचणी संपलेली. गावानंही तिलाच पुढं केलं. पोत्याकडं बघता बघता तिनं मनात भाकरी थापायलाही घेतल्या होत्या.

निरीक्षक मुकुंदराव मोठे शास्त्रशुद्ध गृहस्थ. ते म्हणाले, "बाई, आज किती आहे ते विचारायचं नाही, असं नवं परिपत्रक आहे. फक्त कल पाहायचा. माणूस वर चालला की खाली. मागच्या साली काय खात होता?"

"अर्धी भाकर जी, रोजची."

"आणि यंदा?"

जयवंता पडली इमानदार. "यंदा एक. रघुनाथरावायनं दोन गडी काढले न् मले ठेवलं. गोठ्यातलं शेण काढून राहिली मी. थे आणखी अर्धी देतात."

"म्हणजे दुप्पट. एका वर्षात दिल्लीलासुद्धा हे जमलेलं नाही."

"पण एकीत तिघं खातो जी आमी."

त्याला रकाना नव्हता.

मग गावचे माजी मालगुजार, म्हणजे जमीनदार, रघुनाथराव आले. मालगुजारी सरकारजमा झाली, बैलजोड्या दहाच्या पाच उरल्या, वरणावर तूप वाढायला वेगळा माणूस असे तो गेला, आता मंडळींनाच वाढावं लागतं. तुपापाशी रावांनी खरोखरच डोळे टिपले. चावडी हळहळली. भोळी जयवंताही पदरानं डोळे पुसू लागली.

कोतवाल गजाननला राहवलं नाही. "साहेब, रावायच्या कोठीत ज्वारी मावून नाई राहिली."

"मावते की नाही हा प्रश्न नाही. पूर्वीपेक्षा कमी झाली ना?"

"झाली जी."

"मग झालं तर."

मुकुंदरावांनी दोन रेघा ओढल्या. जयवंताची वर, रावांची खाली. गावातली विषमता झपाट्यानं घटत होती. हाच वेग राहिला तर दोन्ही रेघा एक दिवस भेटतील, असं त्यांनी समजावून सांगितलं.

"भेटेपर्यंत लेकरं काय खातीन जी?"

"ते खातं वेगळं आहे."

पोतं रावांच्या नावे निघालं. उचलायला गडी नव्हतेच, तेव्हा ते जयवंताच्या डोक्यावर दिलं. कोठीशी उतरवल्यावर रावांनी तिला चतकोर भाकर दिली. मुकुंदरावांनी निघालेली बैलगाडी थांबवली आणि तिची रेघ आणखी वर नेली.

आपण हसतो आहोत, हसू या. पण उद्या मुकुंदराव आपल्या दारी आले, तर आपणही कोठीचं दार ओढून घेऊ, मागच्या सालाचं तूप आठवून डोळे ओले करू, आणि पोतं आत आणून टाकायला जयवंतालाच हाक मारू.