भेंडी कवळी हाय

भावाच्या हळदीची गाणी भरायची म्हणून पुनमने सासूच्या भाजीगाड्याच्या भोंग्यातला पेनड्राइव्ह काढला आणि त्यातली एकुलती एक फाइल पुसून टाकली. तो तिच्या सासऱ्यांचा आवाज होता.

शेषेरावांना जाऊन वर्षही झालं नव्हतं. पण रेणापुरात ते रोज सकाळी भाजी विकत. सिंधुबाई गाडा ढकलायच्या आणि भोंग्यातून नवरा ओरडायचा, "या अक्का, या! भेंडी कवळी हाय!" गाड्यावर भेंडी नसली तरी.

"मला काय ठावं, आत्या!" पुनम रडकुंडीला आली. "यांच्या आवाजात नवीन भरून घेऊ की."

"शिवमचा आवाज त्यांचा हाय व्हय?" सिंधुबाई म्हणाल्या. त्या दिवशी गाडा मुकाच फिरला.

मग शिवमला आठवलं. बाबांच्या हाकेवर कोणीतरी रील केली होती आणि डीजेवाल्यांनी तिला ठेका चढवला होता. शेषेराव तेव्हा लई चिडले होते, "भेंडी कोणी घेईना, समदे नाचूनच राहिले!" त्याने रील शोधली, तर टाकणाऱ्याचं खातंच बंद. राहिला डीजे.

सिंधुबाई बिनबोलावता एका वरातीत शिरल्या. वरपक्षाने त्यांना नवरीची मावशी समजून सरबत दिलं, वधूपक्षाने नवरदेवाची आत्या समजून जेवायचा आग्रह केला. त्या थेट डीजेच्या गाडीपाशी गेल्या.

"लेकरा, ते भेंडीचं लाव की."

"जुनं झालं ते, मावशी. कोणी नाचत न्हाई."

"लाव तर."

नवऱ्याची हाक कानी पडली आणि सिंधुबाईंना हुंदका आला. पण पोरं पाणी प्यायला पांगली.

"बघा, म्हणलं न्हाई? बदलतो."

"थांब!" सिंधुबाईंनी पदर खोचला आणि स्वतःच्या लग्नातही न नाचलेली ती बाई भर रस्त्यात नाचू लागली. डोळ्यांतून पाणी वाहत होतं. पोरं परत आली, शिट्ट्या वाजल्या, मोबाइल वर झाले.

त्या घरी पोचायच्या आधीच व्हिडिओ पोचला होता.

"आई, गाव हसून राहिलं! बाबाचं वर्ससुद्धा झालं न्हाई अन् तू डीजेपुढं..."

पुनमने शिवमच्या हातातला मोबाइल घेतला आणि आवाज वाढवला. "या अक्का, या!" शिवम उठून पेनड्राइव्ह घेऊन आला.

पुनमने डोळे पुसत व्हिडिओतला आवाज पेनड्राइव्हमध्ये भरला. "आत्या, ह्यातलं लोकांचं हसणं काढून टाकू का?"

"काही काढू नको, बाई," सिंधुबाई घाईने म्हणाल्या. "हसणारे असू दे. त्यांच्यात ते बी हायत."