सार्जंटचा हिवाळा

चिलीच्या दक्षिण टोकावरच्या पुंता अरेनासमध्ये सरडा कसा पाळावा, यावर फाउस्तो ज्या आत्मविश्वासाने बोलायचा, त्या आत्मविश्वासाने बंदरावरचे कप्तानही वाऱ्याबद्दल बोलत नसत. "ऊन पडत नाही ना? मग ऊन मी पाडतो," असं तो म्हणायचा. आणि खरंच, त्याने सार्जंटच्या काचेच्या पेटीवर असा दिवा बसवला होता, की भर जूनमध्ये, तिथल्या ऐन हिवाळ्यातही, त्या दाढीवाल्या सरड्याकडे कडक उन्हाळा असायचा. बाहेर दुपारीच अंधारून यायचं, फाउस्तोची खिडकी मात्र लखलखत राहायची.

बारमाही उन्हाळ्याने सार्जंट अंगाने सुटला. खायचा, फुगायचा आणि फाउस्तोच्या बायकोवर, एल्बावर, डोळे वटारायचा. शेवटी प्राण्यांच्या डॉक्टरीणबाईंनी बजावलं, की या जनावरालाही हिवाळा लागतो. उजेड हळूहळू कमी करा, झोपू द्या त्याला. फाउस्तो रोज थोडा लवकर दिवा मालवू लागला. सार्जंट लाकडाखाली शिरून गाढ झोपला आणि फाउस्तो मिशांना पीळ भरत गावभर हिंडला.

त्याच सुमाराला कुंपणापलीकडच्या क्लोरिंदाबाईंच्या कोंबड्यांनी अंडी देणं थांबवलं.

आता, ऐन हिवाळ्यात अंडी देणाऱ्या कोंबड्या म्हणून गल्लीत त्यांचं केवढं नाव! बाकीच्यांच्या कोंबड्या उजेड आटला की संपावर जायच्या. बाईंनी सगळं श्रेय सान अंतोनियो या संताला देऊन खुराड्यात त्याची तसबीर टांगली होती, आणि त्याच भरवशावर चर्चच्या जेवणाच्या केकसाठी अंडी कबूल करून बसल्या होत्या. त्यांनी आधी सान अंतोनियोला शिक्षा म्हणून उलटा टांगला. तरी काही होईना, तेव्हा दृष्ट कुणाची लागली याचा शोध सुरू झाला. संशय एल्बावर आला, कारण तिने एकदा त्या कोंबड्यांना गुबगुबीत म्हटलं होतं. दोघींचं बोलणं बंद झालं.

बायकोची बाजू घेऊन फाउस्तो कुंपणाशी भांडायला गेला. पण समोर माणूस दिसलं की त्याला शिकवल्याशिवाय राहवायचं नाही.

"बाई, दृष्टबिष्ट काही नसते. सगळं उजेडावर असतं. मी दिवा कमी केला आणि आमचा सार्जंट..."

तो मध्येच थांबला. क्लोरिंदाबाई त्याच्या खिडकीकडे बघत होत्या, मग खुराड्याकडे, मग पुन्हा खिडकीकडे.

"शेजारी," त्या शांतपणे म्हणाल्या, "दिवा आणा."

दिवा गेला. तसबीर सुलटी झाली, कोंबड्या कामाला लागल्या, चर्चचे केक फुगले. सार्जंट झोपलेलाच होता, त्यामुळे फाउस्तोचंही काही अडलं नाही. अडलं ते सप्टेंबर उजाडल्यावर. सार्जंट जागा झाला आणि अंधाऱ्या पेटीत मान वर करून उन्हाची वाट बघत बसला. दुसरा दिवा सान्तियागोहून यायला महिना लागणार होता. फाउस्तो आपला दिवा मागायला गेला, तर बाईंनी अठरा सप्टेंबरच्या स्वातंत्र्यदिनाच्या एम्पानादांचं, म्हणजे सारण भरलेल्या करंज्यांचं, काम पुढे केलं. आत उकडलेलं अंडं नको का? सण होईपर्यंत दिवा हलणार नव्हता.

शेवटी फाउस्तोने सार्जंटला लोकरीच्या मफलरात गुंडाळलं आणि खुराड्यात नेऊन त्याच्याच दिव्याखाली ठेवलं. सार्जंटने दाढी फुगवून पाहिली. कोंबड्यांनी ढुंकूनही बघितलं नाही. एक लठ्ठ तपकिरी कोंबडी तर खुशाल त्याला टेकून बसली.

क्लोरिंदाबाई टोपली घेऊन आल्या.

"हा काय देतो?"

"काही नाही. बसतो नुसता."

"आणि तुम्ही?"

बाईंनी फाउस्तोच्या हातात फावडं दिलं आणि घाणीकडे बोट दाखवलं. तो वाकून कामाला लागला, तेवढ्यात कुंपणावरून एल्बाचा आवाज आला. कित्येक आठवड्यांनी ती क्लोरिंदाबाईंशी बोलत होती.

"कोपरे नीट काढायला सांगा हो त्यांना. घरी तेवढेच सोडून देतात."