काचेपलीकडचा माणूस

टेबलावर कप ठेवताना तिनं त्याचा कान थोडा उजवीकडे वळवला. न बघता हात घातला तरी नवऱ्याच्या बोटांना सापडेल, एवढाच. प्रयोगशाळेत एकतीस वर्षं काढल्यावर वस्तूंच्या जागा चुकत नाहीत. त्याच प्रयोगशाळेचं पत्र खणात पडून होतं: परगावी दोन वर्षांचं काम, याल का? तीन आठवडे तिनं उत्तर दिलं नव्हतं. सकाळी यांचं कोण बघणार?

भाचीला कॉलेजसाठी लघुपट करायचा होता. "मावशी, तू रोजचंच कर. मी इथे नाहीच असं समज." बाहेरचा आवाज नको म्हणून भाचीनं बाल्कनीच्या काचेच्या दाराला कडी लावली. काका तिथेच झाडांना पाणी घालत होते.

"साखर बरोबर आहे ना?" मावशीनं पाठमोरीच विचारलं. 'हं' येण्याइतकी थांबली. "गोळी घेतलीत? विसरलात ना? मला वाटलंच."

सात मिनिटं असं चाललं. मागे काचेवर दोन तळवे आपटत होते. भाचीला ते दिसले. पण शॉट इतका सुरेख चालला होता, की तिला तोडवेना.

कॉलेजच्या सभागृहात लघुपट संपला तेव्हा लोक डोळे पुसत होते. शेजारच्या बाईंनी मावशीचा हात धरला. "किती वर्षं झाली हो त्यांना जाऊन?"

"अहो, हे काय, इथे बसलेत."

बाईंनी हात आणखी हळुवार थोपटला. "असं वाटतंच. आमचेही वर्षभर बसायचे."

परीक्षकांनी भाचीला विचारलं, "काचेमागचा आत्मा कोणी केलाय? काय तडफड आहे चेहऱ्यावर!"

काका अर्धवट उठले, नमस्कार करून बसले.

घरी आल्यावर चपला काढताना म्हणाले, "अगं, मी नाहीये हे तुला कळलं कधी?"

तिनं प्रामाणिकपणे आठवून पाहिलं. "कप विसळायला घेतला तेव्हा. भरलेला होता."

"म्हणजे माझ्यावाचून काही अडलं नाही."

"नाही अडलं." तिला स्वतःलाच नवल वाटलं. मग तिनं खण उघडला, पत्र बाहेर काढलं आणि कपाच्या नेहमीच्या जागी ठेवलं.

"अहो, मी ते काम घेतेय. सोमवारी निघते."